अज्ञानाची जमीन आणि पालकाची सही

सातबाऱ्याच्या उताऱ्यावर कधी कधी दोन छोटे शेरे दिसतात. एक 'अपाक' आणि दुसरा 'एकुमॅ'. पुष्कळांना ती तलाठ्याच्या दप्तरातली खूण वाटते आणि नजर पुढे आकाराच्या रकान्याकडे जाते. पण आजच्या भाषणाचा सगळा विषय या दोन शेऱ्यांत भरलेला आहे. 'अपाक' म्हणजे अज्ञान पालनकर्ता. जमिनीचा मालक मूल आहे आणि त्याच्या वतीने आई किंवा बाप पाहतो, असा त्याचा अर्थ. 'एकुमॅ' म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. जमीन घरातल्या साऱ्यांची आहे, नाव मात्र कर्त्याचे लावले आहे. इथे 'अज्ञान' या शब्दाने कुणी रागावू नये. कायद्यात अठरा वर्षे पुरी न झालेल्याला अज्ञान म्हणतात; तो शाळेत पहिला आलेला असला तरी अज्ञानच.

अशा मुलाची जमीन पालकाने विकली तर ती विक्री टिकते का? हे विचारायची वेळ खेडोपाडी येते, पण नवी मुंबईच्या परिसरात ती जितकी आली तितकी क्वचितच दुसरीकडे आली असेल. त्याला कारण आहे.

१९७० साली सिडको स्थापन झाली आणि ठाणे, पनवेल व उरण या तालुक्यांतील ९५ गावांच्या जमिनींवर नवे शहर वसवायचे ठरले. पनवेल-उरण त्या वेळी कुलाबा जिल्ह्यात होते. त्याचे नाव रायगड झाले ते १९८१ साली. भातखाचरे, खारजमिनी, मिठागरे शासनाकडे जाऊ लागली. कूळकायद्याने १ एप्रिल १९५७ या कृषकदिनी जी कुळे मालक होण्याच्या वाटेला लागली होती, त्यांच्यातल्या कित्येकांच्या हातून ती जमीन एका पिढीच्या आत गेली. मोबदल्यावरून लढे झाले. दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालचे जानेवारी १९८४ चे जासई-दास्तान फाट्याचे आंदोलन आणि त्यात गोळीबाराला बळी पडलेले पाच शेतकरी या भागातल्या कुणालाही नव्याने सांगायला नकोत. पुढे १९९० मध्ये, संपादन झालेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड प्रकल्पग्रस्तांना देण्याची योजना आली. विमानतळाच्या गावांसाठी त्याहून पुढे साडेबावीस टक्क्यांची आली.

आता यातली मेख पाहा. जमीन गेली एका काळात, भूखंड हातात आला पुष्कळ वर्षांनी. मधल्या काळात ज्याच्या नावावर जमीन होती तो मूळ खातेदार वारला. वारसांची यादी लागली. त्या यादीत विधवा, म्हातारी आई, लग्न झालेल्या मुली, आणि बरोबर दोन-तीन शाळेत जाणारी पोरेही आली. इकडे भूखंडाला सोन्याचा भाव. बिल्डर दारात उभा, नोटांची पिशवी टेबलावर, आणि 'वहिनी, इथे सही करा. मुलांची पालक म्हणून इथेही करा' असे म्हणणारा कुणी भाऊबंद शेजारी बसलेला. ती दुसरी सही म्हणजे आपला आजचा विषय.

शासन जमीन घेते ती सक्तीने; तिथे पालकाने विक्री केली असे होत नाही, म्हणून संपादनच त्या मुद्द्यावर रद्द होत नाही. पण मोबदल्याच्या पैशाबाबत १८९४ च्या जुन्या भूसंपादन कायद्यात एक तरतूद होती आणि ती मोठी शहाणपणाची होती. अज्ञानाच्या वतीने बोलायचा अधिकार पालकाला होता, पण स्वेच्छेने विक्री करून पैशाची वैध पावती देण्याइतका अधिकार ज्याला नाही, त्याला मोबदल्याची रक्कमही उचलता येत नसे. रक्कम न्यायालयात जमा करून मुलाच्या नावे गुंतवायची, अशी सोय त्याच कायद्यात होती. १ जानेवारी २०१४ पासून त्या कायद्याच्या जागी २०१३ चा नवा कायदा आला. पण जुन्या निवाड्यांची प्रकरणे काढून बसलेल्या घरांनी ही गोष्ट वकिलाला जरूर विचारावी.

विक्रीचा मुख्य कायदा म्हणजे १९५६ चा हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा. त्याच्या सहाव्या कलमात नैसर्गिक पालक कोण हे सांगितले आहे. बाप, आणि 'त्याच्यानंतर' आई. या 'त्याच्यानंतर' शब्दावर पुष्कळ वाद झाला. बाप जिवंत आहे पण घर सोडून गेला, मुलांकडे बघतही नाही, तर आईने काय करावे? १९७० साली विदर्भातल्या एका शेतजमिनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अशा आईला पालक मानले आणि तिने करून दिलेला पट्टा मान्य केला. पुढे १९९९ मध्ये लेखिका गीता हरिहरन यांच्या खटल्यात न्यायालयाने सरळच सांगितले की 'नंतर' म्हणजे बापाच्या मरणानंतरच असे नव्हे, बापाच्या अनुपस्थितीत असाही अर्थ घ्यायचा. तो खटला जमिनीचा नव्हता. मुलाच्या नावे रिझर्व्ह बँकेचे रोखे घ्यायला आईची सही चालेना, म्हणून उद्भवलेला होता. पण त्याचा उपयोग साऱ्या आयांना झाला.

आता आठवे कलम. पालकाने मुलाच्या हिताची, आवश्यक अशी सारी कामे करावीत, असे ते म्हणते. पण स्थावर मिळकत गहाण टाकणे, विकणे, बक्षीस देणे, अदलाबदल करणे किंवा अन्य रीतीने दुसऱ्याच्या हवाली करणे, यांपैकी काहीही करायचे तर आधी न्यायालयाची परवानगी हवी. पट्टासुद्धा पाच वर्षांहून जास्त मुदतीचा, किंवा मूल सज्ञान झाल्यावर एक वर्षापलीकडे चालणारा, परवानगीवाचून देता येत नाही. 'अन्य रीतीने' हे शब्द मुद्दाम ध्यानात ठेवा. आईने मुलांच्या वतीने दिरांच्या नावे लिहून दिलेले हक्कसोडपत्र त्यांतच येते. 'विकले कुठे, नुसता हक्क सोडला' हे म्हणणे त्यामुळे चालत नाही. आणि सिडकोचा भूखंड साठ वर्षांच्या भाडेपट्ट्याने मिळालेला असला तरी तो हक्कही स्थावरच.

परवानगी न घेता खरेदीखत झाले तर? इथे बहुतेकांची समजूत चुकते, आणि दोन्ही बाजूंनी चुकते. काही म्हणतात, परवानगी नाही म्हणजे व्यवहार मुळातच खोटा, कागद फाडून टाका. काही म्हणतात, नोंदणी झाली, फेरफार झाला, आता ब्रह्मदेवही बदलू शकत नाही. दोन्ही खरे नाही. ते खत जिवंत असते, पण मुलाच्या मर्जीवर. मुलाने, किंवा त्याच्यामार्फत हक्क सांगणाऱ्याने, ते रद्द करून मागितले तर रद्द होते. नाही मागितले तर मुदत गेल्यावर पक्के होते. मागण्याचा हक्क मुलाच्याच बाजूला आहे. भाव पडला म्हणून घेणाऱ्याला उलटता येत नाही, आणि भाव चढला म्हणून आईलाही स्वतःसाठी उलटता येत नाही.

एक हिशेब करून पाहू. समजा एका माणसाच्या स्वतःच्या नावावर भूखंड आहे. तो मृत्युपत्र न करता वारला. मागे म्हातारी आई, बायको, दहा वर्षांचा मुलगा आणि सात वर्षांची मुलगी. १९५६ च्या वारसा कायद्याने चौघांना सारखा, म्हणजे प्रत्येकी चौथा हिस्सा. बायकोने आणि सासूने मिळून सगळा भूखंड विकला आणि मुलांच्या वतीने आईने सही केली. सासूचा चौथा हिस्सा गेला, बायकोचा गेला. त्यांनी आपापले विकले, त्यात कुणाला बोलायला जागा नाही. राहिला मुलांचा अर्धा. तो परवानगीवाचून गेला. म्हणजे घेणाऱ्याने पैसे मोजले सगळ्या भूखंडाचे आणि निर्धोक मिळाला निम्मा. मुलगा सज्ञान होईपर्यंत त्या जागी सात मजली इमारत उभी राहिली असेल, त्यात बँकेचे कर्ज काढून लोक राहायला आले असतील. तो सदनिकाधारक बिचारा विचारतो, मूळ मालकाच्या पोराशी माझा काय संबंध? संबंध असा की त्याच्या पायाखालच्या जमिनीच्या कागदावर 'अज्ञान, पालक आई' असे लिहिलेले असते आणि मागे न्यायालयाचा हुकूम जोडलेला नसतो. नवी मुंबईत घर घेणाऱ्याने वारसांच्या यादीत मुलांचे वय पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

रद्द करून मागण्याची मुदत १९६३ च्या मुदतीच्या कायद्यात, साठाव्या अनुच्छेदात आहे. सज्ञान झाल्यापासून तीन वर्षे. अठरा अधिक तीन, एकवीस. पूर्वी न्यायालयाने पालक नेमला असेल तर मूल एकविसाव्या वर्षी सज्ञान होई; १९९९ च्या दुरुस्तीने तेही अठरावर आणले. मूल अज्ञान असतानाही दावा लावता येतो, वादमित्रामार्फत. मामा, आजोबा, कुणीही हितचिंतक उभा राहू शकतो, फक्त त्याचे हित मुलाच्या हिताच्या विरुद्ध नसावे. पण अठरा ते एकवीस ही तीन वर्षे कशी जातात हे कॉलेजात शिकवणाऱ्याला वेगळे सांगायला नको. पहिले वर्ष, दुसरे वर्ष, परीक्षा, नोकरीची खटपट. आईने काय लिहून दिले हे मुलाला ठाऊक नसते. ठाऊक झाले तरी आईविरुद्ध कोर्टात जायचे म्हणजे घरात चूल पेटणार नाही. आणि तेवढ्यात एकविसावा वाढदिवस होऊन जातो.

याचे उदाहरण महाराष्ट्रातूनच सर्वोच्च न्यायालयात गेलेले आहे. त्याचा निकाल २००१ साली झाला. दोघा भावांची जमीन ते अज्ञान असताना आईने परवानगीवाचून विकली होती. थोरला ऑगस्ट १९७५ मध्ये सज्ञान झाला, धाकटा जुलै १९७८ मध्ये. दावा लागला नोव्हेंबर १९८० मध्ये. थोरल्याची तीन वर्षे संपून गेली होती. धाकट्याची चालू होती. म्हणजे निदान धाकट्याला तरी हिस्सा मिळायला हरकत नव्हती, असेच कुणीही म्हणेल. पण दाव्यात मागणी काय केली होती? जमिनीचा ताबा द्या. खरेदीखते रद्द करा, ही मागणी त्यात नव्हती. ती घातली दुरुस्ती करून, डिसेंबर १९८५ मध्ये, तोवर धाकट्याचीही मुदत संपून चार वर्षांहून अधिक काळ लोटला होता. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, आईने केलेले खत मुळात निरर्थक नव्हते, ते रद्द करून घेण्याजोगे होते. ते रद्द झाल्याशिवाय ताबा मागता येत नाही, आणि रद्द करून मागायला उशीर झाला. दावा गेला. अर्जातल्या एका ओळीपायी दोघांची वडिलांची जमीन गेली. हा निकाल मला कठोर वाटतो. पण तो कायद्याला धरून आहे आणि खालची न्यायालये तो मानत आली आहेत. म्हणून दावा लावणाऱ्याने आपल्या वकिलाला पहिला प्रश्न हाच विचारावा, 'खत रद्द करण्याची मागणी लिहिली का?'

आता दुसरा शेरा, एकुमॅ. जमीन वाडवडिलांची, एकत्र कुटुंबाची असेल आणि मुलाचा हिस्सा अजून तुटलेला नसेल, तर आठवे कलम लागत नाही. कायदाच बाराव्या कलमात म्हणतो की घरातला वडीलधारा कारभार पाहत असताना अशा अविभक्त हिश्शासाठी पालक नेमू नये. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे निःसंदिग्ध केले. कर्ता विकतो तो पालक म्हणून नव्हे, कुटुंबाचा कारभारी म्हणून. त्याला जिल्हा न्यायालयाची परवानगी नको. तर मग मुलाला संरक्षण कुठले? ते जुने आहे, १८५६ सालचे. हनुमानप्रसाद पांडे खटल्यात लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने सांगितले की अज्ञान वारसाच्या मिळकतीचा कारभार पाहणाऱ्याचा अधिकार मर्यादित असतो. मिळकतीवर खरोखर अडचण आलेली असावी, संकट टाळायचे असावे किंवा मिळकतीचा उघड फायदा असावा. आणि पैसे देणाऱ्याने गरज खरी आहे का याची चौकशी करावी. चौकशी प्रामाणिक असली म्हणजे पुढे पैसे कशात गेले याचा पाठलाग त्याने करायचे कारण नाही. पावणेदोनशे वर्षे होत आली, हे सूत्र आजही चालते. गरज होती हे सिद्ध करण्याचा भार घेणाऱ्यावर असतो. लग्न, आजारपण, सरकारी देणे, वडिलांचे खरे कर्ज ही गरज. दारू, जुगार, नवी मोटार ही गरज नव्हे. बापाने वाडवडिलांची जमीन विकली असेल तर मुलाला आव्हान द्यायची मुदतही वेगळी, घेणाऱ्याने ताबा घेतल्यापासून बारा वर्षे.

इथे एक बारीक पेच विधवांचा आहे. नवरा गेला, घरात मोठा पुरुष नाही, मुले लहान. मग आई कर्ती होते का? नागपूरच्या उच्च न्यायालयाने १९४७ मध्ये आईच्या बाजूने कौल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९६५ मध्ये तो मार्ग बंद केला. विधवा सहदायाद नाही म्हणून कर्ती नाही, असे ठरले. २००५ च्या दुरुस्तीने मुलींना सहदायाद केले, सुनांना नाही. तेव्हा ज्या बाईला 'जमीन वडिलार्जित आहे, परवानगी कशाला हवी' असे कुणी सांगत असेल, तिने त्याच्या बोलण्यावर जाऊ नये.

मग चुलत्याने केलेली विक्री? त्याच्या दोन टोप्या आहेत. एकत्र कुटुंबाचा कर्ता म्हणून विकली असेल तर वरचाच नियम, गरज होती का ते पाहायचे. पण हिस्से तुटलेले आहेत, भाऊ वारला, आणि चुलत्याने पुतण्याच्या हिश्शाच्या खतावर 'पालक चुलता' म्हणून सही ठोकली असेल, तर ती विक्री रद्द करून मागावीच लागत नाही, ती सुरुवातीपासून निरर्थक. १९५६ च्या कायद्याच्या अकराव्या कलमाने नुसत्या नात्यामुळे पालक बनून बसलेल्या माणसाचा विक्रीचा अधिकार काढून घेतला आहे. कर्नाटकातल्या एका खटल्यात थोरल्या बहिणीने धाकटीची जमीन विकली होती. तीही अशीच निरर्थक ठरली. मात्र 'निरर्थक' म्हणून स्वस्थ बसायचे नाही. ताबा दुसऱ्याकडे असेल तर तो परत मागायला बारा वर्षे, आणि ती मूल अज्ञान असतानाच संपली तर सज्ञान झाल्यावर तीन वर्षे.

हे सारे हिंदू कायद्याचे झाले. मुसलमान घरांत मुलाच्या मिळकतीचे पालक बाप, बापाने मृत्युपत्राने नेमलेला माणूस, आजोबा, आजोबांनी नेमलेला माणूस असे ठरलेले आहेत. आईला आपोआप तो अधिकार नाही, आणि तिने न्यायालयातून नेमणूक न घेता केलेली विक्री निरर्थक, हे प्रिव्ही कौन्सिलने १९१८ मध्येच ठरवले. ख्रिस्ती घरांनी १८९० च्या पालक व पाल्य कायद्याने जायचे.

परवानगी काढायची कशी, हे लोकांना फार अवघड वाटते. तेवढे ते नाही. मिळकत जिथे असेल तिथल्या जिल्हा न्यायालयात अर्ज करायचा. नवी मुंबईच्या बाबतीत ठाणे किंवा रायगड जिल्हा. अर्जात मिळकतीचे वर्णन, मुलाचे वय, किंमत किती येते, ती चालू भावाला धरून आहे का, आणि पैसा कशासाठी हवा, हे लिहायचे. न्यायालय परवानगी देते ती दोनच कारणांसाठी, गरज असेल तर किंवा मुलाचा उघड फायदा असेल तर. हुकुमात ते कारण लिहावे लागते. वाटल्यास न्यायालय अटी घालते. लिलावाने विका, आलेली रक्कम न्यायालयात भरा, मुलाच्या नावे गुंतवा. पुष्कळ आयांना या शेवटच्या अटीचीच धास्ती असते, 'पैसा कोर्टात अडकला तर खायचे काय?' ती धास्ती अगदीच खोटी नाही. पण शिक्षणाला, दुखण्याला लागणारा भाग मागून घेता येतो. आणि आईने विचार करावा तो असा, की परवानगीचा हुकूम हा तिचाही बचाव आहे. उद्या मुलगा, किंवा मुलाला भरीस घालणारा कुणी, 'आईने आमचे खाल्ले' म्हणाला तर तिच्याजवळ दाखवायला न्यायाधीशाचा कागद असतो. परवानगीवाचून विकणारी आई चोर असते असे मला मुळीच वाटत नाही. नवऱ्याचे दवाखान्याचे बिल आणि सावकार दोन्ही एकाच महिन्यात दारात आल्यावर वकिलाची पायरी कुणाला सुचते? खरा दोष तिला घाईने सहीला बसवणाऱ्याचा.

घेणाऱ्यांचा एक जुना तोडगा असतो, 'खत नको, कुलमुखत्यारपत्र करून घेऊ.' तो निरुपयोगी आहे. अज्ञानाला मुखत्यार नेमता येत नाही. पालकाला जे परवानगीवाचून करता येत नाही ते त्याच्या मुखत्यारालाही करता येत नाही. शिवाय मुखत्यारपत्रावर मालकी बदलत नाही हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सगळ्यांनाच सांगून टाकले आहे.

आणि मुलाने खत रद्द करून घेतले म्हणजे त्याला जमीन फुकट परत मिळते, असेही नाही. किमतीचा जो भाग खरोखर त्याच्या पोटापाण्याला, शिक्षणाला, बापाचे कर्ज फेडायला लागला, तो परत करायला न्यायालय सांगू शकते. न्यायाची तागडी दोन्ही बाजूंना असते.

ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा एक नवा निकाल आला आणि त्याची वर्तमानपत्रांतून चर्चाही झाली. प्रकरण कर्नाटकात दावणगेरेजवळचे. बापाने मुलांच्या नावे घेतलेले प्लॉट परवानगीवाचून विकले. मुले सज्ञान झाल्यावर त्यांनी दावा वगैरे लावला नाही. तेच प्लॉट त्यांनी सरळ दुसऱ्याला विकले. न्यायालय म्हणाले, बापाची विक्री नाकारायला प्रत्येक वेळी दावाच हवा असे नाही. मुदतीत अशा उघड, निःसंदिग्ध वर्तनानेही ती नाकारता येते. निकाल चांगला आहे, गरिबाला सोयीचा आहे. पण त्यावर विसंबून कुणी नुसते तोंडाने 'मला मान्य नाही' म्हणत बसू नये. ताबा घेणाऱ्याकडे असेल तर तो मिळवायला न्यायालयात जावेच लागते. आणि तिथे २००१ च्या त्या भावांची गोष्ट पुढे येते. तीन वर्षांच्या आत, खत रद्द करण्याची मागणी घालून लावलेला दावा हीच आजही सुरक्षित वाट.

सातबाऱ्याचे एक काम मात्र मुलाने अठरा झाल्याबरोबर करावे. अपाक शेरा कमी करून घ्यावा. तलाठ्याकडे, म्हणजे ज्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात त्याच्याकडे, वयाच्या पुराव्यासह अर्ज करायचा. महसूल खात्याच्या ई-हक्क प्रणालीवर घरबसल्याही करता येतो. या अर्जाने जुनी विक्री रद्द होत नाही, हे खरे. पण त्या निमित्ताने आपल्या नावावर काय होते, त्यातले काय गेले, कुठल्या फेरफाराने गेले, हे मुलाच्या डोळ्यांखालून जाते, आणि तेही मुदत शिल्लक असताना.

शेवटी शिक्षकबंधुभगिनींशी दोन शब्द. या खटल्यांत निम्मी लढाई जन्मतारखेची असते. तीन वर्षे मोजायची ती अठरावा वाढदिवस ठरवून, आणि एका दिवसाच्या फरकाने दावा बाहेर पडतो. आपल्याकडे कित्येक मुलांचा जन्म शाळेच्या जनरल रजिस्टरात एक जूनला झालेला असतो, हे आपण सारे जाणतो. बापाने आषाढी एकादशीच्या मागेपुढे म्हणून सांगितले, गुरुजींनी एक जून लिहिले, गाडी पुढे गेली. पण सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्येच सांगून ठेवले आहे की शाळेच्या दप्तरातली नोंद पुराव्यात येते खरी, पण ती कुणाच्या सांगण्यावरून, कशाच्या आधारे केली हे दाखवता आले नाही तर तिला फारसे वजन नाही. म्हणून प्रवेशाच्या वेळी ग्रामपंचायतीचा किंवा नगरपालिकेचा जन्मदाखला मागावा, त्याचा क्रमांक रजिस्टरात टिपावा, तारीख सांगणाऱ्याची सही घ्यावी. आणि बारावीच्या वर्गात एखाद्या दिवशी, ज्यांचे वडील लहानपणीच गेले आहेत अशा मुलामुलींना जवळ बोलावून एवढे विचारावे, 'तुझ्या नावाचा सातबारा कधी पाहिलास का?'